चौकड्यांच्या पडद्यासमोर

मागच्या वर्षी ऑफिसात माझ्याकडे एक काम होतं. हजारो चेहऱ्यांचे फोटो, प्रत्येक चेहऱ्याभोवती एक चौकोन आणि बाजूला ड्रॉपडाउन: ‘वंश’. लेबलिंग दुसरी मुलं-मुली करत. मी त्यांचं टूल लिहीत होतो. हेतू चांगला होता, सॉफ्टवेअरने सगळ्यांचे चेहरे सारखेच नीट ओळखावेत. त्यामुळे मला काही खटकलं नाही. मग एका रात्री मोबाइलवर पुष्पमाला एन. यांचा तोडा स्त्रीच्या वेषातला फोटो दिसला आणि स्क्रोल करणारा अंगठा थांबला.

पुष्पमाला बंगळुरूच्या, जन्म १९५६चा. बडोद्याला शिल्पकला शिकल्या. २००० ते २००४ या काळात त्यांनी ब्रिटिश छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्यासोबत ‘नेटिव्ह विमेन ऑफ साउथ इंडिया’ ही फोटोमालिका केली. तोडाच्या फोटोत मागे चौकड्यांचा पडदा आहे. तो शोभेसाठी नाही. माणसांना दोन-दोन इंची चौकड्यांसमोर उभं करून त्यांची मापं घ्यायची पद्धत जॉन लॅम्प्रे याने १८६९ साली मांडली होती. त्याच सुमारास, १८६८ ते १८७५मध्ये, ‘द पीपल ऑफ इंडिया’चे आठ खंड निघाले. पुढे हर्बर्ट रिस्लेने नाकाच्या मापावरून जातींची प्रतवारी लावली. १८७१च्या कायद्याने तर अख्ख्या जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या. तो कायदा १९५२ साली गेला, पण आपल्याकडच्या पारध्यांवरचा शिक्का अजून पुसलेला नाही.

या मालिकेत वेष, पडदा, पोझ सगळं बदलतं. चेहरा मात्र एकच. रविवर्मा प्रेसच्या चित्रातली लक्ष्मी पुष्पमालाच, पेपरातल्या फोटोवरून केलेली चोरही त्याच आणि तोडाही त्याच. आमच्या भाषेत हे टेस्टिंग झालं: इनपुट तेच, आउटपुट दर वेळी वेगळं. मग दोष इनपुटमध्ये नाही. लेबल चेहऱ्यात नसतंच, ते पडद्यात असतं.

तरी एक गोष्ट टोचते. फोटो झाला की पुष्पमाला वेष उतरवून घरी जाऊ शकतात. लक्ष्मीचं सोंग घेणं वेगळं आणि निलगिरीतल्या आदिवासी बाईची जागा घेणं वेगळं. शहरी, शिकलेली कलावंत तिथे उभी राहते, तेव्हा मूळ बाई पुन्हा एकदा फोटोबाहेरच राहते. मालिकेतल्या गमतीमुळे आपण हसतो आणि हे विसरतो. पुष्पमाला तिच्या वतीने बोलायचा आव आणत नाहीत, हे मात्र मान्य करायला हवं. त्या बोलतात ते कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या माणसाबद्दल.

आणि तिथे मी उभा होतो. मी मीटिंगमध्ये विचारलं, नुसत्या फोटोवरून वंश कसा ठरवायचा? उत्तर आलं, “क्लायंटला हवंय.” ड्रॉपडाउन अजून आहे. मी त्यात फक्त एक पर्याय वाढवला: ‘सांगता येत नाही’.