दुःखाविना भूत

आपल्याकडे भयकथेला आणि अद्भुतकथेला नवे दिवस आल्याचा जो डांगोरा पिटला जात आहे, तो २०२४ साली ‘मुंज्या’ पडद्यावर आल्यापासून अधिकच वाढला आहे. आणि ज्या चित्रपटाच्या नावाने हा जयघोष चालतो, त्यातच या कलेच्या अवनतीचा दाखला मिळतो, असे माझे स्पष्ट मत आहे. मुंज झाली, पण सोडमुंज होण्याआधीच जो बटू दगावला त्याचा जीव पिंपळावर अडकून राहतो, ही कल्पना ज्या समाजाला सुचली, त्याने घरोघरी पोरे जाताना पाहिली होती. पडद्यावर मात्र तो संगणकाने घडवलेला खोडकर प्राणी होतो, त्याच्या अतृप्तीला प्रेक्षागृह हसते, आणि ‘स्त्री’ व ‘भेडिया’ यांच्या शेजारी एका सामायिक ‘विश्वा’त त्याची स्थापना होते. चित्रपट हिंदी असला तरी भूमी कोकणची आणि दिग्दर्शक मराठी, म्हणून हा विषाद अधिक.

बाळंतपणात गेलेली हडळ, पाण्यात बुडून मेलेला गिऱ्हा, पुरलेल्या ठेव्यात जीव गुंतलेला ब्रह्मसमंध: लोकपरंपरेतील ही भुते म्हणजे कोणत्याही कचेरीत दाखल न झालेल्या फिर्यादी होत. प्रत्येकाच्या मागे एक तपशील आहे आणि त्या तपशिलाला जबाबदार असा कोणी जिवंत माणूस आहे. हा जबाबदार इसम कथेतून वगळला की उरते ते श्वापद.

दूरदर्शन-मालिकांतील भुतांविषयी लिहिण्याजोगे काही नाही. नारायण धारपांच्या अनुकरणावर जगणाऱ्या कथांना धारपांची शिस्तही लाभलेली नाही. ‘तुंबाड’ची (२०१८) गोष्ट निराळी, परंतु ज्या हस्तर या कल्पित दैवताची सर्वत्र वाखाणणी झाली, तो मला लोभाचे एक भव्य चित्र वाटतो, एवढेच. त्या चित्रपटातले खरे भूत म्हणजे म्हातारी. कथानायक बऱ्याच वर्षांनी गावी परततो, तेव्हा तिच्या देहातून झाड उगवलेले असते आणि तरीही तिला मरण आलेले नसते. ठेव्याचे रहस्य सांगण्याच्या मोबदल्यात ती केवळ सुटका मागते. कल्पित दैवताची सारी वंशावळ त्या एका मागणीपुढे फिकी पडते.

ही दृष्टी आपल्याला परकी नाही. विदर्भातील पद्मपूरच्या भवभूतीने ‘उत्तररामचरिता’चा तिसरा अंक, ज्याला ‘छाया’ असे नाव आहे, तो याच दृष्टीने रचला. ज्या पंचवटीत सुखाचे दिवस गेले, तेथे बारा वर्षांनी राम येतो. भागीरथीच्या वराने अदृश्य झालेली सीता नदीदेवता तमसेसह तेथेच वावरते. तिने वाढवलेले हत्तीचे पिल्लू आता मोठे झाले आहे. वनदेवता वासंती रामाला एकेक ओळखीचे स्थळ दाखवते आणि सीतात्यागाचा जाब विचारते. राम मूर्च्छित पडतो, सीतेच्या स्पर्शाने सावध होतो, तो हात धरूही पाहतो, आणि हात निसटतो. अदृश्य होण्याचा नियम कवी थोडक्यात उरकतो, मग उभा अंक दुःखाला देऊन टाकतो. येथे सीता मेलेली नाही, तरी तिच्याइतकी खरी छाया मला संस्कृत नाट्यात दुसरी दिसत नाही. कारण ती कोणाच्या अपराधातून जन्मली हे समोर उभा असलेला पुरुष जाणतो. मेक्सिकोच्या हुआन रुल्फोने १९५५ साली ‘पेद्रो पारामो’ या कादंबरीत कोमाला नावाचे कल्पित गाव मृतांच्या आवाजांनी भरून टाकले, तेही याच रीतीने: गावच्या एका धन्याची सत्ता आणि त्या सत्तेने नासवलेली माणसे.

याउलट, मी राहतो त्या बेंगळुरूच्या इलेक्ट्रॉनिक सिटीत कथांसाठी आणि संगणक-खेळांसाठी कल्पित मुलूख रचणारे मराठी तरुण मला भेटतात. नकाशे, राजवंश, मंत्रशक्तीचे कायदे यांत त्यांची मेहनत निर्विवाद आहे. पण तुमच्या भुताचे काय गेले, कोणी नेले, असे विचारले की उत्तर येते ते त्याच्या शक्तींच्या यादीचे. मी ही तक्रार त्यांच्या कौशल्याविषयी करीत नाही, त्यांनी विचारलेल्या प्रश्नांविषयी करतो. याच शहरात पवनकुमार यांनी २०१६ साली ‘यू टर्न’ हा कन्नड चित्रपट काढला. त्यात डबल रोडच्या उड्डाणपुलावर दुचाकीस्वार रस्ता कापण्यासाठी दुभाजकाचे दगड सरकवतात आणि तसेच टाकून निघून जातात. त्या दगडाने एका आईचा व तिच्या मुलीचा जीव घेतला, आणि ती आई परत येते. ना वंशावळ, ना नकाशा. एक दगड, आणि तो हलवणारे हात.

१९७८ च्या सुमारास कोनप्पन अग्रहार आणि दोड्डतोगूर या गावांच्या ३३२ एकरांवर इलेक्ट्रॉनिक सिटी ही वसाहत आखली गेली. आज तिच्यावरून उन्नत महामार्ग जातो, मेट्रो धावते. या जमिनीवर पूर्वी कोण नांगर धरीत होते, कोणाचे विहिरीवरचे हक्क मिटले, हे येथला एकही मराठी कल्पनाकार विचारीत नाही. तो कल्पनेत सात समुद्रांपलीकडे जातो, पण समुद्रांचीच नावे ठरवण्यात गुंततो. कल्पित जगाला भूतकाळ नसतो, तो लेखकाला द्यावा लागतो. आणि भूतकाळ देणे म्हणजे सनावळ्या देणे नव्हे, तर कोणावर तरी अन्याय घडवून त्याची बाकी कोणाच्या तरी नावावर लिहिणे होय. धारवाडात राहून जी. ए. कुलकर्णींनी नकाशावर नसलेले प्रदेश लिहिले, ते या कष्टातून. हे कष्ट टाळून जो ‘विश्व’ उभारू म्हणतो, त्याने आधी त्या पिंपळावरच्या पोराच्या आईला एक प्रसंग द्यावा, तिच्या तोंडी दोन वाक्ये घालावीत, आणि मगच त्या पोराला झाडावरून खाली उतरवावे.