झाडूवाला आणि काळाचे राखणदार

टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) या इंग्रज विनोदकाराची 'थीफ ऑफ टाइम' ही २००१ सालची कादंबरी आमच्या अभ्यासाच्या कक्षेत येते काय, असा प्रश्न वाचकांस पडणे स्वाभाविक आहे. 'डिस्कवर्ल्ड' या काल्पनिक जगाच्या मालिकेतील ही सव्विसावी कादंबरी. तिच्या केंद्रस्थानी मात्र एक भिक्षुसंघ आहे. मुंडन केलेले, चीवरधारी, डोंगरातील मठात राहणारे हे भिक्षू निर्वाणाची नव्हे, तर काळाची साधना करतात. प्रचंड फिरत्या स्तंभांवर ते काळ गुंडाळतात आणि उलगडतात. सुताराचे लाकडावर असावे तसे त्यांचे प्रभुत्व काळावर आहे. पूर्वी एकदा काळ भंगला, तेव्हा त्यांनीच तो जोडून काढला. इतिहासात जी विसंगती दिसते ती त्या ठिगळांची होय, ही लेखकाची कल्पना खरोखर रमणीय आहे.

गेल्या वर्षावासात पोलादपूर तालुक्यातील कुडपण येथे काही दिवस राहण्याचा योग आला, तेव्हा हे पुस्तक सोबत होते. ते तेथे वाचले नसते, तर कदाचित हसून बाजूला ठेवले असते.

कादंबरीतील सर्वांत जिवंत पात्र लू-त्झे हा म्हातारा झाडूवाला. शिक्षणगृहे झाडता झाडता तो सर्व विद्या शिकला. हातात झाडू असलेल्या माणसाकडे कोणी पाहत नाही, हे त्याचे शस्त्र. त्या बळावर तो कोठेही जाऊ शकतो. अहंमन्य शिष्य त्याला हिणवतात आणि तोंडघशी पडतात. वाचताना आपणांस सुनीत थेराची आठवण होतेच. कोमेजलेली फुले उचलणाऱ्या या नीच मानलेल्या कुळातील माणसाला भगवंतांनी संघात घेतले, ही कथा बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात आवर्जून घेतली आहे. परंतु दोघांत अंतर आहे. लू-त्झेचा झाडू हा वेष आहे; तो स्वेच्छेने धरलेला आहे. 'झाडूवाल्याकडे कोणी पाहत नाही' हे वाक्य प्रॅचेटच्या वाचकाला गंमत वाटते. ज्यांच्या हाती तो जन्माने दिला गेला, त्यांना त्यात गंमत वाटणार नाही. लेखकाला हे ठाऊक असण्याचे कारण नव्हते, हेही मान्य केले पाहिजे.

विनयपिटकात झाडू आणि काळ यांचे नाते याहून वेगळे आहे. महावग्गाच्या उपोसथखंधकात असे येते की, आज पक्षाची कितवी तिथी, असे लोकांनी विचारले असता भिक्खूंना सांगता येईना; म्हणून भगवंतांनी पक्षगणना शिकण्याची अनुज्ञा दिली. त्याच खंधकात उपोसथागार झाडण्याचीही अनुज्ञा आहे. उपसंपदा होताच सावली मोजावी, ऋतू सांगावा, असा नियम आहे. कारण पुढे ज्येष्ठता ठरते ती त्या घटकेवरून. संघात मान वर्षावास मोजून मिळतो, कुळ पाहून नव्हे. काळाची राखण म्हणतात ती ही. तिला स्तंभ लागत नाहीत. एक सावली पुरते.

अट्ठकथाकारांनी काळ ही केवळ पञ्ञत्ति, म्हणजे व्यवहाराची संज्ञा मानली. मिलिंदपञ्हात नागसेन स्थविर म्हणतात की, ज्यांचे पुनर्जन्माचे कारण उरले आहे त्यांना काळ आहे, मुक्तांना नाही. म्हणजे काळ हा द्रव्यासारखा भांड्यातून भांड्यात ओतता येत नाही. मग मठाच्या स्तंभांवरून इकडून तिकडे नेले जाते ते काय? माणसांचे आयुष्य. जेथे वेळ वाया जातो तेथून तो उचलावा, आणि जेथे तो कधीच पुरत नाही त्या शहरांना द्यावा, हे मठाचे नित्यकर्म. समुद्रतळाच्या माशाला एवढा वेळ कशाला, हा त्यामागचा युक्तिवाद. कुडपणला पावसात बसून हे वाचताना हसू आले नाही. या डोंगरांतील कर्ती माणसे पिढ्यान् पिढ्या मुंबईला गेली. गावात म्हातारी माणसे आणि नाचणीचे उतार राहिले. कोणाचा वेळ शिल्लक आहे हे ठरवतो कोण, हा प्रश्न लेखक विचारीत नाही. त्याचे मठवासी सज्जन आहेत, एवढ्यावर तो समाधान मानतो. माझ्या मते कादंबरीचे खरे वैगुण्य हेच.

त्या स्तंभांना लेखकाने 'प्रोक्रॅस्टिनेटर' म्हटले आहे, म्हणजे दिरंगाई करणारे. महाडच्या वाचकाला हे यंत्र अपरिचित नाही. सार्वजनिक पाणवठे खुले करण्याचा बोले यांचा ठराव १९२३ चा. महाड नगरपालिकेने चवदार तळे खुले केल्याचे १९२४ मध्ये जाहीर केले. तरीही पाण्यास ओंजळ लागली ती २० मार्च १९२७ रोजी, आणि उच्च न्यायालयाचा निकाल आला १९३७ मध्ये. चौदा वर्षे कोणीतरी स्तंभ फिरवीत होते. गांधारपाले येथील बौद्ध लेण्यांना 'पांडवलेणी' म्हणण्याची रूढी हेही एक ठिगळच. तेथील शिलालेख वाचणाऱ्याला त्याची शिवण दिसते.

कादंबरीतील शत्रू, म्हणजे विश्वाचे हिशेबनीस, काळ थांबवू पाहतात. कारण स्थिर जग मोजण्यास सोपे. या भागात प्रॅचेटची प्रतिभा सर्वांत तेजस्वी आहे. देह धारण करताच हे हिशेबनीस चवीने, रंगाने, 'मी' या एका शब्दाने भांबावतात. उपादानाचे इतके विनोदी आणि अचूक चित्र मी अन्यत्र वाचलेले नाही. अभिधम्माच्या विद्यार्थ्यांनी निदान ती प्रकरणे तरी वाचावीत.

तरुण शिष्याचे लॉबसांग हे नाव वाचून 'द थर्ड आय' (१९५६) लिहिणाऱ्या लॉबसांग राम्पाची आठवण होते. तो तिबेटी लामा म्हणून मिरवला, पण मूळचा इंग्रज सिरिल हॉस्किन निघाला. पाश्चात्त्यांच्या या कल्पित भिक्षूंची प्रॅचेट थट्टा करतो, आणि त्याच कल्पनेवर आपला मठही उभारतो. मराठीत कोणी भाषांतर करणार असेल, तर झाडूवाल्यासाठी शब्द निवडताना त्याने घाई करू नये.