सतरंजी उचलणाऱ्यांची कादंबरी

मुंबईच्या खारदांडा कोळीवाड्यात सभा असली की ती रात्री नऊच्या पुढेच सुरू होते. बाजाराला गेलेल्या बायका परतायच्या असतात, होडीवरून आलेल्यांना दोन घास खायचे असतात. वर्सोवा-वांद्रे सागरी सेतूचे काम निघाल्यापासून अशा सभा वाढल्या. सुमारे सतरा किलोमीटरचा पूल समुद्रातून जाणार; मग होड्यांची वाट कुठून, जाळी टाकायची कुठे, भरपाई कोणाला आणि कुठल्या कागदाच्या आधारे, हेच प्रश्न पुन्हा पुन्हा निघतात. अशाच एका सभेनंतर मी मागे थांबलो होतो. वक्ते निघून गेले, पोरे पांगली. मासळी विकून थेट सभेला आलेली एक मावशी उठली. पाटी बाजूला सरकवून, एका मुलाला हाताशी घेऊन तिने सतरंजी झटकली आणि टोकाला टोक जुळवून घडी घातली. मग सह्यांचे कागद प्लास्टिकच्या पिशवीत घातले, पिशवीला गाठ मारली आणि ती पाटीत ठेवली. सकाळी ते कागद कचेरीत पोचवायचे होते.

चळवळींवरच्या मराठी कादंबऱ्या मी चाळीस वर्षे वाचतो आहे. त्या रात्री घरी येताना एकच विचार मनात होता: या मावशीला मी त्यांपैकी कुठल्या कादंबरीत भेटलो?

'सतरंज्या उचलणारा कार्यकर्ता' असे आपण कीव करून म्हणतो. मला वाटते, बंडाच्या कादंबरीची खरी कसोटी तोच आहे. पुढाऱ्याचे भाषण लिहिणे सोपे आहे, हुतात्म्याचे मरणही लिहिता येते. भाषण आणि मरण यांच्या मधली जी वर्षे असतात, ती लिहिणे कठीण.

मराठी कादंबरी जन्मली तीच दुःखाची दाद मागत. बाबा पदमनजींच्या 'यमुनापर्यटन'चा (१८५७) विषय विधवांचे हाल हा होता. पण समाजाशी झुंजणे हेच आयुष्याचे काम मानणारा माणूस ठसठशीतपणे उभा राहिला तो हरि नारायण आपटे यांच्या 'मी'मध्ये. 'करमणूक'मधून १८९०च्या दशकात ही कादंबरी क्रमशः आली. तिचा नायक भावानंद संसाराचा विचार सोडून सगळे आयुष्य लोककार्याला वाहतो. गोखल्यांचा भारत सेवक समाज १९०५ मध्ये निघाला. पूर्णवेळ लोकसेवकाची कल्पना हरिभाऊंनी त्याच्या आधीच रंगवली होती. हे त्यांचे द्रष्टेपण. पण त्याबरोबर एक साचाही पडला. समाजाचे काम करायचे तर घर सोडायचे. कार्यकर्ता म्हणजे एक प्रकारचा संन्यासी. संन्याशाचे जेवण कोण रांधते, हे विचारायची आपल्याकडे रीत नाही. मराठी कादंबरीनेही ते पुढे फार काळ विचारले नाही.

१९३०च्या दशकात या संन्याशाच्या हाती मार्क्स आणि गांधी आले. ग. त्र्यं. माडखोलकरांची 'मुक्तात्मा' (१९३३) ही मराठीतली पहिली राजकीय कादंबरी म्हणून सहसा सांगितली जाते. वि. स. खांडेकरांच्या 'क्रौंचवध'ने (१९४२) क्रांतिकारक तरुणाला घराघरांत नेले. या लेखकांचे ऋण नाकारणे कृतघ्नपणा होईल. समाजवाद म्हणजे काय, हे अनेक मराठी वाचकांना आधी कादंबरीतून कळले आणि मग पुस्तिकांतून. पण त्यांच्या पानांवर चळवळ बहुधा प्रेमकथेच्या मागचा पडदा होऊन राहते. नायक वाद घालतो, पत्रे लिहितो, तुरुंगात जातो. वर्गणीची पावती फाडताना मात्र तो क्वचितच दिसतो. त्याच १९३३ साली मामा वरेरकरांची 'धावता धोटा' आली, हे म्हणून फार महत्त्वाचे आहे. १९२८चा सहा महिन्यांचा गिरणी संप मुंबईच्या आठवणीत ताजा असताना त्यांनी कादंबरीला दिवाणखान्यातून उठवून गिरणगावात नेले.

साचा खऱ्या अर्थाने मोडला तो अण्णाभाऊ साठे यांनी. अण्णाभाऊ स्वतः सतरंजी उचलणारे. लहानपणी वाटेगावहून पायी मुंबईला आले, गिरणगावात वाढले, लाल बावटा कलापथकात डफ घेऊन उभे राहिले आणि घाटकोपरच्या चिरागनगरातल्या झोपडीत बसून लिहीत राहिले. 'फकिरा' (१९५९) त्यांनी बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली. फकिराचे बंड पुस्तकातून आलेले नाही, ते दुष्काळातल्या पोटातून आले आहे. माणसे मरू लागतात तेव्हा तो धान्य लुटतो आणि वाटतो. शेवटी सरकार त्याला धरू शकत नाही, म्हणून त्याच्या माणसांना, बायकामुलांना कोंडते. आणि त्यांना सोडवायला तो आपल्या पायांनी येऊन हजर होतो.

ही शेवटची गोष्ट नीट पाहायला हवी. भावानंदाला बंडासाठी आपली माणसे सोडावी लागली. फकिराचे बंड सुरूही आपल्या माणसांसाठी होते आणि संपतेही त्यांच्यासाठीच. आई राधा, आजोबा दौलती, सगळा मांगवाडा, यांच्यावाचून त्याला अर्थ नाही. घर आणि बंड एकाच चुलीवर शिजते हे अण्णाभाऊंना ठाऊक होते, कारण ते त्याच चुलीचे अन्न खाऊन वाढले होते. 'फकिरा'त अतिशयोक्ती आहे, पोवाड्याचा चढा सूर आहे. पण तो सूर उसना नाही. मराठीतली बंडाची सर्वांत मोठी कादंबरी मी आजही हीच मानतो.

शहरात मात्र बंडाला वेगळाच गंज चढत होता, आणि तो भाऊ पाध्ये यांनी जवळून पाहिला. ते कामगार चळवळीत पूर्णवेळ काम केलेले गृहस्थ. 'डोंबाऱ्याचा खेळ' (१९६०) आणि 'करंटा' (१९६१) या कादंबऱ्यांत युनियनचे आतले जग आहे: कचेरी, गट, हेवेदावे, आणि ध्येयाने आलेल्या माणसाची होत जाणारी फरफट. मराठी समीक्षेने त्यांच्याच 'वासूनाका'च्या अश्लीलतेवर जेवढी शाई खर्च केली, तिचा थोडा वाटा या दोन कादंबऱ्यांना मिळाला असता तर चळवळीचेही भले झाले असते. पुढे अरुण साधूंच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' (१९७७) मधून सत्तेचा सगळा पट उलगडला. त्यातला कामगार नेता डिकास्टा विसरता येत नाही. पण साधूंची नजर पत्रकाराची. ती मंत्रालयाच्या जिन्यावर जितकी तीक्ष्ण आहे तितकी कामगाराच्या खोलीत रेंगाळत नाही.

नक्षलवादाचा वणवा मराठी कादंबरीत आणला अनिल बर्वे यांनी. 'थँक यू मिस्टर ग्लाड'मधला वीरभूषण पटनाईक हा फाशीचा कैदी. दोरीने नव्हे, गोळीने मरण हवे, हा त्याचा आग्रह आणि कठोर जेलर ग्लाडशी त्याचा सामना वाचताना आजही हात गार पडतात. पण ही मरणाची कथा आहे. नायक भेटतो तेव्हा त्याचे काम संपलेले असते. विलास मनोहर यांनी उलट्या बाजूने सुरुवात केली. हेमलकशाच्या लोकबिरादरी प्रकल्पात राहून त्यांनी माडिया माणसे पाहिली आणि 'एका नक्षलवाद्याचा जन्म' लिहिली. साधा माडिया तरुण बंदुकीपर्यंत कसा ढकलला जातो, हे ती पायरी पायरीने दाखवते. एक पायरीही ती गाळत नाही, हेच तिचे सामर्थ्य.

१९७२ मध्ये दलित पँथर उभी राहिली. एवढ्या मोठ्या स्फोटाची त्याच तोलामोलाची कादंबरी का झाली नाही, हा प्रश्न नेहमी पडतो. उत्तर बहुधा असे की त्या बंडाला वेगळी घरे मिळाली. कवितेत 'गोलपिठा' आला, आत्मकथनांत 'बलुतं' (१९७८), 'उपरा' (१९८०), बेबी कांबळे यांचे 'जिणं आमुचं' आणि उर्मिला पवार यांचे 'आयदान' (२००३). स्वतःच्या अंगावरचे वळ दाखवायला कल्पित नायक कशाला? पण त्याची किंमतही मोजावी लागली. आत्मकथन एका माणसाच्या नजरेने पाहते. चळवळीत एकाच वेळी अनेक माणसे असतात, आणि त्यांच्यातले ताण धरायला कादंबरीच लागते. शरणकुमार लिंबाळे यांनी 'हिंदू'मध्ये (२००३) ते अंगावर घेतले. तात्या कांबळे या कार्यकर्त्याचा खून होतो, आणि त्यानंतर आपल्याच माणसांच्या तडजोडी उघड्या पडतात. राजन गवस यांच्या 'तणकट'मध्येही (१९९८) गावातल्या जातींचे राजकारण असेच निर्भयपणे आले आहे.

याच काळात दोन मोठ्या कादंबऱ्यांनी चळवळीचा दीर्घ हिशेब मांडला. रंगनाथ पठारे यांची 'ताम्रपट' (१९९४) स्वातंत्र्यलढ्यापासून पुढच्या काही दशकांतली नीतीची घसरण दाखवते. विश्वास पाटील यांच्या 'झाडाझडती'ने (१९९१) धरणग्रस्तांचे जगणे पानावर आणले. तिच्यातले खैरमोडे गुरुजी मला विशेष जवळचे वाटतात. ते प्राथमिक शिक्षक. त्यांच्या वाट्याला अर्ज आणि हेलपाटे येतात. पुनर्वसनाच्या एका कागदाला किती हात लागतात आणि प्रत्येक हाताला काय द्यावे लागते, हे त्या कादंबरीने सांगितले. आमच्या मावशीच्या पाटीतली पिशवी मराठी कादंबरीत कुठे असेलच, तर ती खैरमोडे गुरुजींच्या हाती आहे.

पण मावशी बाई आहे, आणि तिथे वाट पुन्हा अरुंद होते. म्हणून कविता महाजन यांची 'ब्र' (२००५) मला मैलाचा दगड वाटते. 'ब्र काढायचा नाही' हा आपल्या घराघरांतला हुकूम. ते अक्षरच नाव म्हणून घेतलेल्या या कादंबरीत प्रफुल्ला मोडलेल्या संसारातून उठून एका संस्थेत काम करू लागते आणि आदिवासी पाड्यांतल्या महिला सरपंचांना भेटत फिरते. एस.टी.चे प्रवास, सभेत खाली मान घालून बसलेल्या बायका, कार्यकर्तीच्या मनातले घर आणि मूल, संस्थांमधला खोटेपणा, सगळे तिच्यात आहे. इथे कार्यकर्तीला शरीर आहे, थकवा आहे. काम आणि घर यांची ओढाताण हाच तिचा विषय आहे. भावानंदापासून जे विचारायचे राहिले होते, ते शतकभरानंतर एका बाईने विचारले.

गॉर्कीच्या 'आई'त मुलगा पावेल भाषण करतो, पण जेवण विकण्याच्या निमित्ताने कारखान्यात शिरून, अंगावर लपवलेली पत्रके पोचवते ती त्याची आई. ही कादंबरी आपल्या किती कार्यकर्त्यांनी रात्र रात्र जागून वाचली! तिच्यातून आपण पावेल उचलला; आईला स्वयंपाकघरातच ठेवले.

आज काय स्थिती आहे? आपल्याकडे हुतात्म्याची कादंबरी आहे, भ्रमनिरासाची तर विपुल आहे. चळवळ फसली, माणसे विकली गेली, हे आता इतक्या वेळा लिहून झाले आहे की तोही एक साचाच झाला. तो निराशेचा साचा लेखकाला सोयीचा पडतो. त्यात पुढच्या सकाळचे काही सांगावे लागत नाही. खरी चळवळ मात्र तशी संपत नाही. सभा फसते, चार माणसे उरतात, आणि त्या चौघांतली एक सतरंजीची घडी घालते, कारण पुढच्या सभेला ती लागणार असते. हा चिवटपणा लिहिणारी कादंबरी आपल्याकडे फार थोडी आहे. मुंबईच्या किनाऱ्याचे तर विचारूच नये. खारदांड्यापासून जवळ असलेल्या माहीमच्या खाडीवर मधु मंगेश कर्णिकांनी १९६९ मध्ये कादंबरी लिहिली, तिथल्या झोपडवासीयांचे जिणे अमर केले. तेव्हापासून किनारा किती बदलला, किती लढला! त्या लढ्याची कादंबरी अजून लिहायची आहे.

म्हणून कोळीवाड्यांतल्या, वस्त्यांतल्या, कारखान्यांच्या दारातल्या मुलामुलींना माझे कळकळीचे सांगणे आहे. सभांच्या वह्या फेकू नका. सह्यांच्या याद्या, वर्गणीच्या पावत्या, कचेरीने परत पाठवलेले अर्ज, उधारीच्या चिठ्ठ्या जपून ठेवा. सभेत कोण बोलले हे लिहाल तेव्हा चहा कोणी केला तेही लिहा. अण्णाभाऊंनी चिरागनगरात बसून लिहिले. तुमच्या घरातही तेवढी जागा आहे.