मुद्रेची भाषा : ललिताबाई पवार

नगराहून मनमाडच्या रस्त्यानें निघालें म्हणजे राहुरी, राहाता, कोपरगांव हीं गांवें एकामागून एक मागें पडतात आणि अहमदनगर, म्हणजे आतांच्या अहिल्यानगर जिल्ह्याची हद्द ओलांडतांच येवलें लागतें. पैठणीमुळें आणि तात्या टोपे यांच्या जन्मामुळें हें गांव सर्वांच्या परिचयाचें आहे. परंतु १९१६ सालीं याच गांवीं अंबा नांवाची जी मुलगी जन्मास आली, तिचें स्मरण तेथून जातांना किती जणांस होतें? पुढें ललिता पवार या नांवानें प्रसिद्धीस आलेली नटी ती हीच. तिचें नांव ठाऊक नाहीं असें मराठी घर सांपडणें कठीण. पण तें नांव आपण कशाकरितां वापरीत आलों, हें आठवलें म्हणजे रसिक म्हणून मान खालीं घालावी लागते. घरांतील एखाद्या कजाग सासूला नांव ठेवावयाचें झालें कीं आपण या बाईंचें नांव घेतों! नटीच्या यशाची ही पावती खरी. पण तिच्या कलेचा न्याय मात्र यांत झाला नाहीं. तो करण्याचा हा अल्प प्रयत्न आहे.

ललिताबाई मूकपटांच्या काळांत, १९२८ च्या सुमारास, लहान वयांतच पडद्यावर आल्या. १९३१ सालीं ‘आलम आरा’ बोलूं लागला, तरी १९३२ सालीं ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितींत त्यांचा वाटा होता. त्या काळीं आपल्या देशांत तेराशेंहून अधिक मूकपट निघाले. त्यांपैकीं आज हाताशीं उरले ते फारच थोडे. तेव्हां त्यांच्या त्या वेळच्या अभिनयाविषयीं आज निकाल देणें हें साहसच ठरेल. पण शाळा मोडून पडली तरी तेथील शिक्षण विद्यार्थ्याच्या वागण्यांत दिसून येतें. मूकपटाची शाळा ही दृष्टीची, चालीची आणि हातवाऱ्यांची शाळा होती. शब्दांचा आधार नसल्यामुळें चेहऱ्यालाच वाक्य पुरें करावें लागे.

बोलपट आला आणि जगभर अनेकांचें दैव फिरलें. हंगेरींत १९०१ सालीं जन्मलेली विल्मा बांकी हिचें उदाहरण प्रसिद्ध आहे. १९२५ सालीं ती अमेरिकेस गेली व रूडॉल्फ व्हॅलेंटिनोबरोबर ‘द ईगल’ व ‘द सन ऑफ द शेख’ या चित्रपटांत चमकली. परंतु पडदा बोलूं लागतांच तिच्या परदेशी उच्चारांची अडचण झाली आणि तिची कारकीर्द थोड्याच वर्षांत आटोपली. तिचा चेहरा शाबूत होता, वाणी आड आली. ललिताबाईंच्या बाबतींत नेमकें उलट घडलें. वाणी त्यांच्या कामीं आली. बोलपटांत त्या गाइल्यासुद्धां. दगा झाला तो चेहऱ्याचा. १९४२ सालीं एका चित्रणाच्या वेळीं, प्रसंगांतील थप्पड सहकलाकाराकडून फार जोरानें बसली. चेहऱ्याच्या एका बाजूस अर्धांगवायू झाला, दीर्घकाळ उपचार चालले आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेच्या भूमिकांचें दार तेथेंच बंद झालें.

ज्या शाळेंत चेहरा हेंच सर्वस्व, त्या शाळेच्या विद्यार्थिनीचा चेहराच अर्धा मुका व्हावा, याहून क्रूर योगायोग कोणता? पण आमच्या मतें त्यांची खरी कला येथूनच पाहावयास मिळते. ‘रामशास्त्री’मधील (१९४४) आनंदीबाई असो किंवा ‘दहेज’मधील (१९५०) सासू असो, बारीक झालेल्या त्या डोळ्याचा उपयोग त्यांनीं शस्त्रासारखा केला. केवळ एवढेंच असतें, तर व्यंगाचें भांडवल केलें असें म्हणतां आलें असतें. परंतु ‘श्री ४२०’मधील (१९५५) केळीं विकणारी गंगामाई पाहावी, किंवा ‘अनाडी’मधील (१९५९) मिसेस डिसा पाहावी. भाडेकरू तरुणावर ही घरधनीण तोंडानें आग पाखडते आणि त्याच क्षणीं तिची दृष्टि त्याला जेवूंखाऊं घालीत असते. शब्द एक सांगतात, मुद्रा दुसरेंच सांगते, आणि प्रेक्षक विश्वास ठेवतो तो मुद्रेवर. ही मूकपटाचीच विद्या होय. या भूमिकेबद्दल त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळालें, तें सर्वथा योग्य होतें.

‘प्रोफेसर’मधील (१९६२) करड्या शिस्तीची प्रौढा तर आम्हांस याहूनही अवघड भूमिका वाटते. म्हाताऱ्याचें सोंग घेतलेल्या तरुणावर तिचें मन जडतें, ती नटूंथटूं लागते आणि प्रेक्षक हंसतात. पण हंसतां हंसतां कोठें तरी आपलें चुकलें असें वाटूं लागतें. एकाकी स्त्रीच्या उशिरां जाग्या झालेल्या आशेची थट्टा आपण करीत आहों, हें ती नटी आपणांस न बोलतां जाणवून देते.

दोष नाहींत असें नाहीं. एकाच साच्याच्या सासवा त्यांनीं पुष्कळ रंगविल्या. कित्येक ठिकाणीं मान वेळावणें, ओठ मुरडणें हें सवयीचें झालें आहे. मूकपटांतील अतिरेकाचा वारसाही त्यांत आहे. परंतु साचा घडविणारे निर्माते होते आणि तो मागणारे आपण होतों. १९८७ सालीं दूरचित्रवाणीवरील ‘रामायणां’त त्या मंथरा होऊन आल्या, तेव्हां नव्या पिढीनेंही त्यांचा मनसोक्त द्वेष केला. १९९८ सालीं पुण्यांत त्यांचें देहावसान झालें.

वाचकांस एकच विनंति आहे. ‘अनाडी’ पुन्हां पाहण्याचा योग आला, तर मिसेस डिसा रागें भरत असतांना क्षणभर आवाज बंद करून पाहावें. शब्द गेल्यावर राग दिसेनासा होतो आणि माया तेवढी उरते. कजाग म्हणून जिला आपण नांवें ठेवलीं, ती बाई इतकीं वर्षें आपणांस काय सांगत होती, तें तेव्हां कळेल.