एकच खिडकी का?

वर्गात अद्भुतकथांचा विषय निघाला की विज्ञानशिक्षकापुढे पेच उभा राहतो. 'सर, असं खरंच होऊ शकतं का?' या प्रश्नाला 'नाही' हे उत्तर बरोबर असले, तरी बोलणे तिथेच खुंटते. आमच्या मते अशा कथेला विचारावा असा प्रश्न वेगळा आहे : तिच्यातील यंत्राचा जमाखर्च जुळतो का? फिलिप पुलमन या इंग्रज लेखकाची 'हिज डार्क मटेरियल्स' ही कादंबरीत्रयी (१९९५ ते २०००) या कसोटीवर तपासून पाहण्याजोगी आहे.

या त्रयीत असंख्य जगे एकमेकांना लागून आहेत आणि त्यांच्यामध्ये एक अदृश्य पडदा आहे. दुसऱ्या भागात विल नावाच्या मुलाच्या हाती एक सुरी येते. तिच्या टोकाने हवेतील बारीकशी फट चाचपायची आणि कापायचे, की दुसऱ्या जगात उघडणारी खिडकी तयार! चित्तागाझे नावाच्या शहरातील विद्वानांनी ही सुरी सुमारे तीनशे वर्षांपूर्वी घडवली. तिच्या जोरावर ते इतर जगांतून चोऱ्या करीत राहिले.

इथवर ही जादूची कांडीच वाटेल. परंतु पुलमन पुढे तिची किंमत सांगतात. प्रत्येक छेदाबरोबर एक भूत जन्माला येते आणि ते मोठ्या माणसांची जाणीव खाऊन टाकते. शिवाय उघड्या राहिलेल्या खिडक्यांतून 'धूळ' गळत राहते. ही धूळ म्हणजे सजाण जीवांना ज्याचा आधार आहे असे एक सूक्ष्म द्रव्य. तिसऱ्या भागात मेरी मलोन ही भौतिकशास्त्रज्ञ दुसऱ्या एका जगात पोचते. तिथले वृक्ष मरू लागलेले असतात. ती झाडाच्या चिकापासून लाखेसारख्या पारदर्शक चकत्या बनवते, त्यांतील अंतर बदलून पाहते, त्यांना तेल लावते आणि अखेर तिला धूळ दिसते. फुलांवर उतरण्याऐवजी ती दूर वाहून चाललेली असते. प्रयोगशाळेत उपकरण कसे घडते, याचे इतके प्रामाणिक वर्णन कादंबऱ्यांत क्वचितच वाचायला मिळते.

या कथेचा खरा जोडीदार आम्हाला ओझोनच्या थरात दिसतो. सीएफसी रसायने १९२८च्या सुमारास शीतकपाटांसाठी पुढे आली. ती विषारी नव्हती, पेट घेत नव्हती. १९७४ साली मोलिना आणि रोलंड यांनी दाखवून दिले, की ती वातावरणाच्या वरच्या भागात पोचून क्लोरीन मोकळा करतील आणि हा क्लोरीन ओझोनचा नाश करील. १९८५ साली अंटार्क्टिकावरील ओझोनची मोठी घट प्रसिद्ध झाली आणि १९८७ साली मॉन्ट्रियल करार झाला. सोय एकीकडे आणि तिची किंमत दूर कुठेतरी, अदृश्यपणे, हेच चित्तागाझेच्या विद्वानांचेही झाले. आणखी एक साम्य आहे. ओझोनचा थर म्हणजे बांधून ठेवलेली भिंत नव्हे. सूर्यप्रकाशात ओझोन सतत तयार होतो आणि सतत मोडतो. थर टिकतो तो या दोहोंच्या समतोलामुळे.

पुलमन यांनाही हा समतोल ठाऊक आहे. शेवटी सगळ्या खिडक्या बंद कराव्या लागतात. माणसांनी जिज्ञासेने, समजुतीने जगून नवी धूळ निर्माण केली, तर फक्त एका खिडकीतून होणारी गळती भरून निघेल, असे सांगितले जाते. ती खिडकी मृतांच्या सुटकेसाठी राखली जाते. विल आणि लायरा यांना मात्र कायमचे दुरावावे लागते, कारण परक्या जगात माणूस फार वर्षे तग धरू शकत नाही. ही ताटातूट कोणा खलनायकामुळे होत नाही, जमाखर्चामुळे होते. म्हणूनच ती मनाला भिडते.

पण नेमकी एकच खिडकी का? डब्याच्या तळाशी एक छिद्र पाडून तो वाहत्या नळाखाली धरा. पाणी एका उंचीवर स्थिरावेल. आता तेवढेच दुसरे छिद्र पाडा. डबा रिकामा होणार नाही. पाणी आधीच्या उंचीच्या साधारण एक चतुर्थांश उंचीवर पुन्हा स्थिरावेल, कारण छिद्रातून बाहेर पडणाऱ्या पाण्याचा वेग उंचीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असतो. धूळही अशीच गळत असेल, तर दोन खिडक्या 'अशक्य' ठरण्यासाठी जीवनाला किमान किती धूळ लागते हे सांगायला हवे होते. लेखक ते सांगत नाही. ज्या संख्येवर सारी शोकांतिका उभी आहे, ती वाचकाने निमूटपणे मान्य करायची. हा आमचा मुख्य आक्षेप आहे.

दुसरा आक्षेप धुळीला 'डार्क मॅटर' म्हणण्याला आहे. हे कृष्णद्रव्य आपल्याला कळते ते त्याच्या गुरुत्वाकर्षणावरून, दीर्घिकांच्या फिरण्यावरून. त्याला जाणीव असल्याचा काहीही पुरावा नाही. तसेच एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेल्या विवेचनातून अनेक जगांची कल्पना निघते खरी, पण त्या जगांत ये-जा करण्याची सोय त्यात नाही. विद्यार्थ्यांना हा फरक स्पष्टपणे सांगायला हवा. विज्ञानातील शब्द उसने घेऊन बाजारात काय काय विकले जाते, हे आपण पाहतोच.

तरीही ही पुस्तके ग्रंथालयात जरूर असावीत. मुलांना ती वाचू द्यावीत आणि मग डबा, खिळा, हातोडी घेऊन नळाखाली जावे. दुसरे छिद्र पाडण्यापूर्वी पाणी कुठे थांबेल, याचा अंदाज प्रत्येकाकडून वहीत लिहून घ्यावा.