परवान्याचा नकार आणि नैसर्गिक न्याय : गोरधनदास भानजी निवाड्याचा पुनर्विचार

‘मुंबईचे पोलीस कमिशनर विरुद्ध गोरधनदास भानजी’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1951 साली दिलेला निवाडा प्रशासकीय विधीत आधारभूत मानला जातो. त्याचे स्मरण मात्र बहुधा एकाच सूत्रापुरते केले जाते : आदेश त्याच्या शब्दांवरून वाचावयाचा, अधिकाऱ्याने मागाहून दिलेल्या खुलाशावरून नव्हे. 1977 साली मोहिंदरसिंग गिल प्रकरणात या सूत्राचा पुनरुच्चार झाला आणि मूळ निवाडा त्याच्या छायेत गेला. वस्तुतः त्याचे खरे सामर्थ्य अन्यत्र आहे. आणि त्याची उणीवही.

प्रकरण अंधेरी येथील नियोजित चित्रपटगृहाचे. आरंभी नाकारलेली परवानगी सल्लागार समितीच्या अनुकूल मतानंतर कमिशनरांनी जुलै 1947 मध्ये दिली आणि सप्टेंबरमध्ये, सरकारच्या निर्देशावरून ती रद्द झाल्याचे कळविले. नियम 250 अन्वये रद्द करण्याचा अधिकार कमिशनरांचा होता, सरकारचा नव्हे. न्या. व्हिव्हियन बोस यांनी येथे सूक्ष्म भेद केला. समितीचा सल्ला स्वीकारून स्वतः दिलेली परवानगी ही कमिशनरांचीच होय. परंतु सरकारची आज्ञा केवळ पोहोचती करणारे पत्र हा त्यांचा निर्णयच नव्हे. सल्ला घेण्यास प्रत्यवाय नाही. बुद्धी गहाण टाकण्यास आहे.

हा भेद मोलाचा आहे, कारण ज्याने निर्णय घेतला तो समोर नाही आणि जो समोर आहे त्याने निर्णय घेतलेला नाही, अशा स्थितीत अर्जदाराने दाद कोणापुढे मागावी? तथापि निवाडा येथेच थांबतो. कमिशनरांनी लोकांच्या तक्रारींचा स्वतः विचार करून स्पष्ट आदेश काढावा, असा निर्देश न्यायालयाने दिला. ज्याची परवानगी जावयाची त्याचे म्हणणे ऐकावे, असे मात्र म्हटले नाही. नियमातील निरंकुश स्वेच्छाधिकारही अबाधित राहिला. निर्णय कोणी घ्यावा हे ठरले. कसा घ्यावा हे अर्धेच ठरले.

ही मर्यादा काळाचीही होती. 1950 साली प्रिव्ही कौन्सिलने सिलोनमधील कापड व्यापाऱ्याच्या नक्कुडा अली प्रकरणात परवाना ही केवळ सवलत मानली होती. पुढे इंग्लंडात रिज विरुद्ध बाल्डविन (1963), भारतात क्रायपाक (1969) व मनेका गांधी (1978) या निवाड्यांनी ती दृष्टी मागे टाकली. तरीही 1978 च्या मॅकिनिस प्रकरणात न्या. मेगरी यांनी हाती असलेला परवाना जाणे आणि नव्या अर्जास नकार मिळणे यांत भेद करून नव्या अर्जदारास कारणे मागण्याचा हक्क नाकारला. मुष्टियुद्धाच्या नियामक मंडळापुरता हा भेद शोभतो. राज्यसंस्थेस तो शोभत नाही. संविधानाच्या अनुच्छेद 19 (1) (छ) ने व्यवसायाचा हक्क दिला आहे. तो परवान्यातून जन्मत नाही; परवाना त्यावरील निर्बंध आहे. म्हणून निर्बंधाची वाजवी कारणे सांगण्याचा भार नाकारणाऱ्यावर पडतो.

या तत्त्वाची कसोटी मुंबईतील चित्रपटगृहापेक्षा माळशिरस तालुक्यातील वेळापूर येथे अधिक कठोरपणे लागते. हे गाव ज्ञानेश्वर महाराजांच्या पालखीचा मुक्काम आहे. तेथे वारीपुरते फराळाचे दुकान मांडू पाहणारा अर्जदार कल्पावा. त्याला ‘अर्ज नामंजूर’ एवढेच कळविले, तर पालखी पंढरपुरास पोहोचेल तेव्हाही त्याचे अपील कागदावरच असेल. कारणाविना नकार हा अन्याय. पण उशिरा कळविलेले कारणही त्याच्या उपयोगाचे नाही. अन्नसुरक्षेच्या 2011 च्या विनियमांनी हे ओळखले होते. छोट्या अन्नव्यावसायिकाच्या नोंदणीचा अर्ज 7 दिवसांत मंजूर करावा, लेखी कारणे देऊन फेटाळावा अथवा तपासणीची सूचना द्यावी. ऐकून घेतल्याविना नकार देऊ नये. आणि 7 दिवसांत काहीच न कळविल्यास, अथवा तपासणीची सूचना दिल्यावर 30 दिवसांत निर्णय न कळविल्यास व्यवसाय सुरू करता यावा, अशी तरतूद त्यांत झाली. अधिकाऱ्याचे मौन अर्जदाराविरुद्ध न मोजता त्याच्या बाजूने मोजणारी ही योजना 1951 च्या निवाड्याच्या बरीच पुढे गेली आहे. वारीच्या दिवसांत मात्र 30 दिवसांची मुदतही दीर्घच ठरते.

प्रत्येक नकारासाठी विस्तृत सुनावणी अशक्य आहे, हा आक्षेप रास्त आहे. परंतु प्रतिकूल अहवाल अर्जदारास दाखविणे, त्याचे चार ओळींचे उत्तर वाचणे आणि दोन वाक्यांत कारण लिहिणे यांस न्यायालय उभारावे लागत नाही. गोरधनदास निवाड्याने आदेशाखालील सही अधिकाऱ्याचीच असावी असे सांगितले. त्या सहीच्या वर काय लिहिलेले असावे, हे सांगण्याचे कार्य त्याने पुढील पिढ्यांवर सोपविले.