पडद्यावरील सूड

क्वेंटिन टॅरन्टिनो या अमेरिकन दिग्दर्शकाने २००९ सालच्या ‘इनग्लोरियस बास्टर्ड्‌स’ या युद्धपटात हिटलरला पॅरिसच्या एका चित्रपटगृहात ठार करविले. हा इतिहासाचा उघड उघड विपर्यास होय. परंतु हिटलरचा अंत १९४५ साली बर्लिन येथे झाला हे सर्वांस ठाऊक असल्याने त्यात कोणाची फसगत होत नाही. सूड पडद्यावर पेटतो आणि पडद्यावरच विझतो. फेब्रुवारी २०२५ मध्ये प्रदर्शित झालेल्या, श्री. लक्ष्मण उतेकर दिग्दर्शित ‘छावा’ या हिंदी चित्रपटाविषयी मात्र आम्हांस तसे म्हणवत नाही.

कै. शिवाजी सावंत यांच्या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात गुण नाहीत असे नाही. श्री. विकी कौशल यांचा आवेश खरा वाटतो, श्री. अक्षय खन्ना यांचा थकलेला, मितभाषी औरंगजेब तर कित्येकदा नायकासही झाकून टाकतो. बुऱ्हाणपूरच्या स्वारीत सिंहाशी झालेली झुंज आणि मंद गतीने हवेत झेपावणारे वीर हे पोवाड्याच्या जातीचे अलंकार समजून आम्ही सोडून देतो. (बुऱ्हाणपूरचा खजिना पाहून असीरगडच्या आसपास लोक रात्री शेते खणू लागले, ही कल्पना मात्र कोणा शाहिरासही सुचली नसती!)

आमचा आक्षेप निराळाच आहे. या चित्रपटाचा सारा भार १६८९ च्या मार्च महिन्यातील संभाजीराजांच्या यातनांवर आहे. प्रेक्षक चित्रपटगृहातून बाहेर पडतो तो मुठी आवळून. जणू ते ऋण अद्याप फिटावयाचेच आहे आणि ते फेडण्याचा भार त्याच्याच शिरावर आहे. वस्तुतः ते ऋण मराठ्यांनी स्वतःच फेडले. राजाराम महाराजांनी जिंजीचा किल्ला आठ वर्षे लढविला. संताजी घोरपडे यांनी बादशहाच्या छावणीत शिरून त्याच्या तंबूचे सुवर्णकळस कापून आणले, असे परंपरा सांगते. १७०० नंतर ताराबाईंनी युद्ध चालविले, आणि १७०७ साली औरंगजेब दख्खन न जिंकताच अहमदनगर येथे मरण पावला. ही अठरा वर्षे वगळल्याने पराक्रम गेला आणि संताप तेवढा उरला.

हा संताप कोठे जातो? आम्ही परभणी जिल्ह्यातील पालमचे रहिवासी. औरंगजेबाची खुलदाबादची कबर आमच्याच मराठवाड्यात आहे. १७ मार्च २०२५ रोजी ती हटविण्याच्या मागणीवरून नागपुरात दंगल उसळली, संचारबंदी लागली आणि एकाचा प्राण गेला. या चित्रपटाने औरंगजेबाविरुद्ध लोकभावना प्रज्वलित झाल्याचे खुद्द मुख्यमंत्र्यांनी विधानसभेत सांगितले. दंगलीचे पाप एका चित्रपटाच्या माथी मारणे अन्यायाचे होईल. तथापि अर्ध्यावर तोडलेली कथा लोक आपापल्या परीने पुरी करू पाहतात, हे कथाकाराने ओळखावयास नको काय?

संभाजीराजांचे पुत्र शाहूराजे लहानपणापासून मोगलांच्या कैदेत वाढले. १७०७ साली त्यांची सुटका झाली तेव्हा ते खुलदाबादेस त्या कबरीच्या दर्शनास गेले होते, असे इतिहासकार सांगतात. त्या पुत्राच्या मनात त्या वेळी काय असेल, यावर चित्रपट काढावयास आमच्या दिग्दर्शकांपैकी कोणी धजेल असे तूर्त तरी दिसत नाही.